बोसन चाचांना पत्र

आदरणीय चाचा,

सलाम. हे पत्र मुद्दाम सगळ्यांना वाचता येईल असं लिहितोय. जहाजावर जाणाऱ्या प्रत्येक पोराला तुमच्यासारखं शिकवणारं माणूस भेटतंच असं नाही.

जहाजावर जाण्याआधीच्या प्री-सी कोर्सची पुस्तकं घेऊन आम्ही रत्नागिरीच्या मिरकरवाडा बंदराच्या धक्क्यावर यायचो, तेव्हा तुम्ही आधी पुस्तक मिटायला लावायचात. जहाजावरचे इंग्रजी शब्द आधी कानाने ऐका, स्पेलिंग मागाहून बघा, हा तुमचा शिरस्ता. स्पेलिंगप्रमाणे वाचलं तर ‘बोटस्वेन’, पण डेकवरच्या खलाशांच्या या मुकादमाला हाक मारायची ‘बोसन’. ‘फोरकॅसल’चं ‘फोक्सल’, ‘गनवेल’चं ‘गनल’, ‘लीवर्ड’चं, म्हणजे वारा जिकडे वाहतो त्या बाजूचं, ‘लूअर्ड’. शिडाच्या जहाजांवर वाऱ्यात ओरडून ओरडून खलाशांनी ही नावं झिजवली, स्पेलिंग मात्र जुनंच राहिलं.

नुसता उच्चार सांगून तुम्ही कधी थांबला नाहीत, याचे आभार जास्त. फोक्सल म्हणजे जहाजाच्या नाळीकडचा भाग. पूर्वी तिथे तिरंदाजांसाठी गढीसारखा उंच माच बांधत, म्हणून नावात किल्ला आला. आता तिथे नांगर ओढून घ्यायचं यंत्र, विंडलास, असतं. गनल ही होडीची वरची कड. लाकडी जहाजाच्या कुशीला मजबुतीसाठी ठोकलेली जाड फळी म्हणजे ‘वेल’. तोफांना तिचा आधार, म्हणून ‘गन’. हे सांगता सांगता तुम्ही समोरच्या होडीच्या कडेवरून आमचे हात उचलायला लावलेत. होडी जहाजाच्या अंगाला लागते तेव्हा गनलवर ठेवलेली बोटं चिरडतात.

पुढे लाइफबोटच्या ड्रिलला ‘हँड्स ऑफ द गनल’ असा आवाज आला आणि माझे हात आपोआप आत आले. त्या क्षणी अर्थ आठवत बसायला वेळ नसतो, चाचा.

आमच्या क्रूमध्ये फिलिपिनो आहेत, युक्रेनियन आहेत. प्रत्येकाचं इंग्रजी आपापल्या गावचं. गोंधळ टळावा म्हणून आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने 2001 साली ठरावीक वाक्यांचा संच मंजूर केला, तो आम्हाला शिकवतात आणि तो फार उपयोगी आहे. पण दोर ओढताना डेकवर जे बोललं जातं ते सगळं त्यात कुठून येणार? तिथे ‘टॅकल’ला, म्हणजे दोर-कप्पीला, जुना खलाशी ‘टेकल’ म्हणतो, ‘बोलाइन’ची गाठ ‘बोलिन’ होते, आणि पाण्यावर तरंगणाऱ्या खुणेचा ब्रिटिशांचा ‘बॉय’ अमेरिकन माणसाच्या तोंडी ‘बूई’. हे सगळं मी तुमच्याकडून ऐकून गेलो होतो. म्हणून पहिल्या जहाजावर कामाकडे लक्ष देता आलं.

एक मागणं आहे. सुट्टीवर आलो की मोबाइलवर तुमचा आवाज रेकॉर्ड करू द्या, शब्द आणि त्यामागची गोष्ट, दोन्ही. वाडीतली पोरं यंदा कोर्सला निघाली आहेत. धक्क्यापर्यंत चालणं आता तुम्हाला जड जातं असं घरून कळलं, तेव्हा मीच घरी येईन.

तुमचा,
फोक्सलवरचा पोरगा