सलिव्हन यांच्या चरित्रातून १७७९ गाळू नका

प्रति,
मा. संपादक,
स.न.वि.वि.

अमेरिकेच्या स्वातंत्र्यघोषणेला २५० वर्षे होत असल्याने मराठी वृत्तपत्रांतून तिथल्या संस्थापकांची ओळख करून दिली जात आहे, याचा आनंद आहे. वॉशिंग्टन, जेफरसन, फ्रँकलिन ही नावे आपण शाळेपासून ऐकत आलो. दुसऱ्या फळीतली माणसे मात्र एका ओळीत उरकली जातात. जॉन सलिव्हन त्यांपैकी एक. वकील, स्वातंत्र्ययुद्धातले सेनानी, काँग्रेसचे सदस्य, न्यू हॅम्पशायरचे पहिले संघीय न्यायाधीश, असे लिहिले की संपले. मी जिल्हा न्यायालयात वकिली करतो, त्यामुळे वकिलांची चरित्रे जरा खोलात जाऊन वाचतो. या ओळीतली पदे सगळी खरी आहेत, पण जे वर्ष सांगितल्याशिवाय हा माणूस कळतच नाही, तेच तिच्यातून गळाले आहे. ते वर्ष १७७९, तिथल्या मूळ रहिवाशांची गावे जाळणाऱ्या त्यांच्या मोहिमेचे.

सलिव्हन यांचा जन्म १७४० चा, न्यू हॅम्पशायरमधल्या समर्सवर्थचा. आईवडील आयर्लंडहून आलेले, जहाजाच्या भाड्यापोटी काही वर्षे राबून देण्याच्या करारावर. वडील पुढे शाळामास्तर झाले आणि धाकटा मुलगा जेम्स मॅसॅच्युसेट्सचा गव्हर्नर झाला. जॉन यांनी पोर्ट्समथला सॅम्युएल लिव्हरमोर या वकिलाच्या हाताखाली कायदा शिकून डरॅम गावात वकिली थाटली. कर्जवसुलीचे आणि गहाण जमिनींचे दावे ते इतक्या जोराने चालवत की १७६६ मध्ये लोकांनी त्यांच्याविरुद्ध थेट प्रांताच्या विधिमंडळाकडे तक्रारअर्ज केला.

हाच माणूस १७७४ मध्ये पहिल्या काँटिनेंटल काँग्रेसमध्ये, म्हणजे वसाहतींच्या प्रतिनिधींच्या सभेत, गेला. त्याच डिसेंबरात पोर्ट्समथच्या तोंडाशी असलेल्या फोर्ट विल्यम अँड मेरीवर लोक चालून गेले. किल्ल्यात एक कॅप्टन आणि पाच शिपाई. पहिल्या दिवशी जॉन लँग्डन यांच्या जमावाने बंदुकीच्या दारूची सुमारे १०० पिंपे उचलली, दुसऱ्या दिवशी सलिव्हन यांच्या माणसांनी बंदुका आणि १६ तोफा नेल्या. स्वातंत्र्ययुद्धाची पहिली चकमक, लेक्सिंग्टनची, अजून चार महिने दूर होती.

युद्धातली त्यांची कामगिरी संमिश्र आहे. ऑगस्ट १७७६ मध्ये लाँग आयलंडला ते कैद झाले. ब्रिटिश अ‍ॅडमिरल हाऊ यांचा तहाचा निरोप घेऊन पॅरोलवर काँग्रेसकडे गेले, तेव्हा जॉन अ‍ॅडम्स त्यांच्यावर भडकले होते. पुढे कैद्यांच्या अदलाबदलीत सुटले आणि डिसेंबरात ट्रेंटनवर नदीकाठच्या रस्त्याने चाल करून गेलेली तुकडी त्यांच्याच हाताखाली होती. सप्टेंबर १७७७ मध्ये ब्रँडीवाइनला मात्र शत्रूने वळसा घालून त्यांच्याच बाजूवर घाला घातला. वळसा घालून आलेल्या त्या फौजेच्या अग्रभागी कॉर्नवॉलिस होता, पुढे टिपूविरुद्धच्या मोहिमेत हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धन ज्याच्याबरोबर होते तोच. ब्रँडीवाइननंतर काँग्रेस सलिव्हन यांना दूर करायला निघाली होती. वॉशिंग्टननी ते होऊ दिले नाही.

आता १७७९. हौदेनोसौनी म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांच्या सहा राष्ट्रांचा संघ. त्यांपैकी सेनेका, कायुगा, मोहॉक, ओनोंडागा यांतले बहुतेक ब्रिटिशांच्या बाजूला होते, ओनायडा आणि टस्करोरा बहुतांशी अमेरिकनांच्या. १७७८ मध्ये वायोमिंग आणि चेरी व्हॅली या सरहद्दीवरच्या वस्त्यांवर ब्रिटिशांचे निष्ठावंत आणि या राष्ट्रांचे योद्धे यांनी हल्ले केले. चेरी व्हॅलीत बायकामुले मारली गेली. हे लपवण्याचे कारण नाही, मोहिमेची मागणी तिथूनच उठली. पण ३१ मे १७७९ च्या वॉशिंग्टन यांच्या लेखी आदेशात बदला किंवा बंदोबस्त एवढेच नाही. वस्त्यांचा संपूर्ण विध्वंस करा, सर्व वयांचे स्त्री-पुरुष जितके मिळतील तितके कैद करा, मुलूख नुसता तुडवून येऊ नका, नष्ट करा, असे त्यात स्पष्ट आहे. सेनापतिपद आधी जनरल गेट्स यांना देऊ केले होते, त्यांनी नाकारले. सलिव्हन यांनी स्वीकारले.

पेनसिल्व्हेनियातल्या ईस्टनहून निघून, टायोगाला जेम्स क्लिंटन यांची ब्रिगेड सामील करून घेऊन ४,००० हून अधिक फौज उत्तरेला शिरली. लढाई म्हणावी अशी एकच, २९ ऑगस्टला न्यूटाउनची. बाकी सगळी मोहीम घरांशी, शेतांशी आणि झाडांशी. लाकडी घरांची नीटस गावे, कापणीला आलेला मका, घेवडा, भोपळे, पीच आणि सफरचंदाच्या बागा. इतकी लांब कणसे कधी पाहिली नव्हती, असे सैनिकांनी रोजनिशीत लिहून ठेवले आहे आणि पुढच्याच ओळीत ती जाळल्याचे. फळझाडे मुळाशी तोडली. जाळपोळ जेनेसी नदीपर्यंत गेली. सलिव्हन यांनी काँग्रेसला कळवलेला हिशेब ४० गावे आणि किमान १,६०,००० बुशेल (एक बुशेल म्हणजे सुमारे ३५ लिटरचे माप) मका असा आहे. त्या वर्षीचा हिवाळा इतका कडक की न्यू यॉर्कचे बंदर गोठले. ५,००० हून अधिक निर्वासित ब्रिटिशांच्या नायगारा किल्ल्याच्या आसऱ्याला होते आणि त्यांतले कितीतरी भुकेने आणि गारठ्याने मेले. सरहद्दही शांत झाली नाही, १७८० मध्ये हल्ले उलट वाढले. टिकली ती जमीन. युद्धानंतर न्यू यॉर्कने आपल्या सैनिकांना मोबदल्यात याच मुलखातल्या, तलावांच्या प्रदेशातल्या जमिनी वाटल्या.

वकील म्हणून मला एक गोष्ट अतिशय टोचते. १७७६ च्या स्वातंत्र्यघोषणेत राजावर जे आरोप आहेत, त्यांत ‘आमची गावे जाळली’ हा एक आहे. तीन वर्षांनी त्याच काँग्रेसच्या फौजेने ४० गावे जाळली आणि त्याचा अहवाल कर्तव्यपूर्तीचा म्हणून सादर झाला. सलिव्हन यांना साक्षीपुरावा, मालमत्ता, ताबा हे शब्द पाठ होते. दुसऱ्याचे धान्याचे कोठार म्हणजे काय, हे त्यांना कोणी सांगायला नको होते.

त्यांचीच दुसरी बाजू पाहा, म्हणजे हे अधिक जड वाटते. २० सप्टेंबर १७८६ रोजी, ते न्यू हॅम्पशायरचे प्रमुख असताना, कागदी चलन मागणाऱ्या सुमारे २०० कर्जबाजारी लोकांनी एक्झिटरला विधिमंडळ वेढून धरले. सलिव्हन त्यांच्यासमोर उभे राहिले, त्यांची मागणी का मान्य होणार नाही हे त्यांना समजावून सांगितले. दुसऱ्या दिवशी मिलिशियाने, म्हणजे नागरिकांच्या सशस्त्र दलाने, म्होरके पकडले आणि प्रकरण रक्तपाताशिवाय मिटले. २१ जून १७८८ रोजी त्यांच्याच अध्यक्षतेखालच्या परिषदेने ५७ विरुद्ध ४७ मतांनी अमेरिकेचे संविधान स्वीकारले. नऊ राज्यांची मंजुरी लागत होती आणि न्यू हॅम्पशायर हे नववे, म्हणजे संविधान अमलात आले ते त्या मतदानाने. संयम, वाद-प्रतिवाद, मतमोजणी हे सगळे त्यांना येत होते. ते कोणासाठी वापरायचे आणि कोणासाठी नाही, एवढेच ठरलेले होते.

१७८९ मध्ये वॉशिंग्टननी त्यांना संघीय न्यायाधीश नेमले. प्रकृतीमुळे शेवटची काही वर्षे त्यांच्याकडून फारसे काम झाले नाही आणि जानेवारी १७९५ मध्ये, ५४ व्या वर्षी ते वारले. ते न्यायासनावर असतानाच, १७९० मध्ये, सेनेकांचे नेते कॉर्नप्लँटर फिलाडेल्फियाला येऊन वॉशिंग्टन यांच्यापुढे बोलले. तुमची फौज आमच्या मुलखात शिरली तेव्हा आम्ही तुम्हाला ‘गावे उद्ध्वस्त करणारा’ हे नाव दिले, आजही ते नाव ऐकले की आमच्या बायका मागे वळून पाहतात, पांढऱ्या पडतात आणि मुले आयांच्या गळ्याला घट्ट बिलगतात, असे त्यांनी राष्ट्राध्यक्षांना तोंडावर सांगितले.

माझी विनंती एवढीच आहे. सलिव्हन यांच्याबद्दल चार ओळी छापाल तेव्हा दोन ओळी १७७९ ला द्या, आणि जागा असेल तर शेजारी कॉर्नप्लँटर यांच्या भाषणातला हा भाग मराठीत छापा. तो मोठा नाही, अर्ध्या रकान्यात मावेल.

आपला,
एक वाचक, सातारा