स्वगत गेले, उशी राहिली

महोदय,

नवे नाटक बसत असताना लेखकाने तालमीला जावे का, यावर आमच्या मंडळींत अजून वाद होतात. मी जातो, वही घेऊन मागे बसतो. परवा दादरला एका शाळेच्या वर्गात तालीम होती. दुसऱ्या अंकात आईच्या तोंडी मी दीड पानाचे स्वगत घातले होते, मोठ्या हौसेने. नटी चौथ्या वाक्याला थांबली, उशी झटकली आणि पुढे बोललीच नाही. झाले, स्वगत गेले! (आठ रात्री गेल्या होत्या लिहायला, ते असो.)

‘शांतता! कोर्ट चालू आहे’मधले बेणारेबाईंचे स्वगतही तेंडुलकरांनी तालमींच्या काळात, दिग्दर्शक अरविंद देशपांडे यांच्या आग्रहाखातर लिहिले होते.

पण प्रयोगाआधी संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे, म्हणजे नाटकांच्या सेन्सॉरकडे, द्यावी लागते, आणि निर्मात्यांना ती धाडायची घाई. त्यांना एवढीच विनंती: त्याआधी निदान पंधरा तालमी लेखकाला पाहू द्या. बसून केलेली वाचने मी त्यात धरत नाही.

– एक नाटककार, गिरगाव, मुंबई