संगमनेरकर बाईंना क्यूट म्हणाल का?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कालच्या पुरवणीतला जपानी अ‍ॅक्ट्रेस यूमी कावाइवरचा लेख वाचला आणि चहा गार झाला. मथळा काय, तर 'नावातच गोडवा'! अहो, तो क्यूटवाला जपानी शब्द 'कावाईई' वेगळा, त्यातला शेवटचा ई चांगला लांबतो. हिचं आडनाव लिहितात ते नदी आणि जुळणं अशा अक्षरांनी, म्हणजे आपल्याकडच्या संगमनेरकर समजा.

आणि 'रातोरात स्टार' कशी हो? २०१९ पासून काम करतेय पोरगी. दिग्दर्शिका योको यामानाकाने विशीच्या आसपास स्वतःच जुळवाजुळव करून केलेला 'आमिको' सिनेमा बघून हिने तिला पत्र दिलं की मी अ‍ॅक्ट्रेस होणार, आणि २०२४ ला त्याच यामानाकाच्या 'डेझर्ट ऑफ नामिबिया'त लीड करून कान फेस्टिव्हलला गेली. हे सोडून तुम्ही ड्रेसवर अख्खा कॉलम! ज्या 'आन नो कोतो'साठी तिला जपान अकादमीचं बेस्ट अ‍ॅक्ट्रेस मिळालं त्याचं नावसुद्धा नाही, तो तर पेपरमधल्या बातमीवरून सुचलेला सिनेमा, निदान पेपरवाल्यांनी तरी लक्षात ठेवावा.

'प्लॅन ७५' सिनेमातल्या तिच्या कामाला तुम्ही 'छोटासा रोल' म्हणता. त्यात पंचाहत्तरी झाली की सरकारच मरणाची सोय करून देतं आणि ही कॉल सेंटरमधून अशा एका एकट्या आजींशी पंधरा-पंधरा मिनिटं बोलते. शेवटच्या फोनला तिचा आवाज कापायला लागतो, आणि नेमका तेव्हाच आमच्या थिएटरात मागच्या रांगेतल्या गृहस्थांचा फोन वाजला, ते उचलून म्हणाले, "हां बोल, नाही रे, फालतूच आहे, नुसत्या फोनवर बोलतायत." मी वळून बघितलं तर मलाच "काय झालं काकू?" पुढचं सगळं मी रागात बघितलं, त्या आजींचं काय झालं ते नीट कळायला परत बघावा लागला. तो 'छोटासा रोल' वाचून मला वाटलं, ते गृहस्थ आता तुमच्याकडे लिहितात की काय!

लेखकांचा अभ्यास असेलही, मी नाही म्हणत नाही. पण सिनेमा बघून लिहा एवढीच विनंती.

जाता जाता, शब्दकोड्याचं उत्तर सलग दोन रविवार छापलेलं नाही. आडवा १४ माझा अजून अडलाय.

कळावे,
एक वाचक (नाव छापू नये), डोंबिवली