तटस्थ राहणे स्वस्त नसते

मा. संपादक,
स. न. वि. वि.

युद्धाचा विषय निघाला की लहान देशांनी तटस्थ राहावे असे सांगितले जाते आणि दाखला स्वित्झर्लंडचा देतात. डोंगरांमुळे तो देश वाचला, हे अर्धेच खरे. डोंगर नॉर्वेतही होते. ९ एप्रिल १९४० ला तटस्थ नॉर्वेवर जर्मनी चालून गेलीच. बेल्जियम तर १९१४ आणि १९४० असा दोनदा तुडवला गेला, कारण फ्रान्सची वाट त्याच्यातून जात होती.

१९०७ च्या हेग करारानुसार तटस्थ देशाने कोणाचेही सैन्य आपल्या भूमीतून जाऊ द्यायचे नाही. घुसणाऱ्याला शस्त्राने अडवले तरी तटस्थता मोडत नाही. म्हणजे फौज पदरी हवीच. सुमारे ४२ लाख वस्तीच्या स्वित्झर्लंडने सप्टेंबर १९३९ मध्ये चार लाखांवर माणसे उभी केली. स्वीडनने मात्र जून १९४१ मध्ये एक अख्खी जर्मन डिव्हिजन नॉर्वेहून फिनलंडला आपल्या रेल्वेने जाऊ दिली.

खरी मेख स्वित्झर्लंडच्या रेल्वे बोगद्यांत होती. इटलीकडे निघालेला जर्मन कोळसा ब्रिटिश समुद्रात अडवत, म्हणून तो रेल्वेने आल्प्स ओलांडून जाई. त्यातला मोठा वाटा १५ किलोमीटरच्या गोट्टहार्ड बोगद्यातून. तो आणि सिंप्लॉन, दोन्ही उडवून द्यायची तयारी स्विस सैन्याने करून ठेवली होती. २०२२ पर्यंत आपल्या फास्ट गाड्या सव्वा किलोमीटरच्या पारसिक बोगद्यातून जात; तो बंद पडला तर त्यांचे काय होई, याची ठाणेकरांना कल्पना आहे. फ्रान्स पडल्यावर स्विस सरसेनापती जनरल गिझाँ यांनी २५ जुलै १९४० ला रुटलीच्या कुरणावर अधिकाऱ्यांना बोलावले आणि मुख्य फौज आल्प्समध्ये मागे घेण्याची योजना समजावली. झुरिकसह सपाट प्रदेश आणि बहुतेक लोकवस्ती त्यामुळे उघडी पडणार होती. फार कठोर निर्णय, पण देश घेतला तर रेल्वे हातची जाईल, हे जर्मनीला कळले.

धान्यासाठी कुरणे, बागा नांगरल्या. पिकाखालची जमीन जवळपास दुप्पट झाली. कोळसा मात्र जर्मनीचाच, आणि तीच दुखती नस. बदल्यात यंत्रे, शस्त्रे, कर्ज गेले; स्विस राष्ट्रीय बँकेने जर्मनीचे लुटीचे सोने विकत घेतले. ऑगस्ट १९४२ मध्ये सीमा बंद करून जीव मुठीत धरून आलेल्या ज्यूंना परत धाडले. त्यांच्याच देशाने नेमलेल्या इतिहासकारांच्या आयोगाने २००२ च्या अहवालात हे स्वच्छ मांडले आहे. दाखला देणाऱ्यांनी तोही वाचावा.

— एक वाचक, नौपाडा, ठाणे (प.)