पुस्तक छापायला देण्याआधी

प्रिय प्राजू,

ऊसतोड मजूर पुरवणाऱ्या मुकादमानं तुझं आडनाव विचारलं हे तू हसत हसत सांगितलंस, मी चिडले आणि तू फोन ठेवलास. त्या विषयावर आज लिहायचं नाही असं ठरवून बसले आहे. ऊसतोड बायांच्या पुस्तकासाठी तू पाठवलेली दोन कथनं वाचली, ध्वनिमुद्रणाशी ताडून पाहिली. त्यावरच लिहिते.

काम चांगलं आहे. बाया तुझ्याशी बोलतात ही सोपी गोष्ट नाही. पण तुझ्या कागदावर येईपर्यंत त्यांचं काहीतरी होतं. पहिली बाई म्हणते, "चारला उठायचं, भाकरी थापायच्या, लेकरू पाठीशी बांधायचं आन् फडात. उजाडायच्या आत कोयता चालू." तू लिहिलंस, "त्या पहाटे चार वाजता उठून स्वयंपाक उरकतात व ऊसतोडीस जातात." यात भाकरी गेली, लेकरू गेलं, कोयता गेला. उरलं ते कुठल्याही अहवालात खपेल. आधी शब्दनशब्द उतरव. एका तासाच्या बोलण्याला सहा तास धर, बोली नवीन असेल तर आठ. त्यानंतर हवं तेवढं काप, पण तिच्या वाक्यात तुझे शब्द घालू नकोस.

बोलीचं आणखी एक. दुसऱ्या कथनात बाई "न्हाई" म्हणते आणि कारखान्याचा तोडीच्या चिठ्ठ्या देणारा स्लिपबॉयही "न्हाई"च म्हणतो. त्याचं तू "नाही" केलंस, तिचं तसंच ठेवलंस. तो शिकलेला वाटतो, ती अडाणी. बोली ठेवायची तर सगळ्यांची ठेव. आणि "म्हणजे"चं "मंजे" कशाला? तू, मी आणि रेडिओवरचा निवेदक, सगळे तसंच म्हणतो. शब्द, क्रियापदाचं रूप, वाक्याची ठेवण वेगळी असेल तिथे बोली दिसू दे. नुसतं ऱ्हस्वदीर्घ मोडून ती दिसत नाही.

तुझे प्रश्न तू काढून टाकलेस हे मला अजिबात पटलं नाही. छापलेलं वाचताना वाटतं, बाई आपणहून गर्भपिशवीच्या ऑपरेशनावर आली. ध्वनिमुद्रणात तू तीनदा वळून वळून विचारतेस, मध्ये ती चुलीतलं लाकूड सारते, मग बोलते. 2019 मध्ये बीडच्या ऊसतोड बायांच्या गर्भपिशव्या काढल्याच्या प्रकरणासाठी सरकारनं नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली, तेव्हापासून या विषयावर एकेक शब्द तपासला जातो. उद्या कुणी म्हणालं की बाईला पढवलंय, तर तुझा प्रश्न छापलेला असणं हाच तुझा बचाव. प्रश्न तिरप्या टायपात ठेव, छोटे कर, पण ठेव. उत्तरांचा क्रम बदललास तर तसं प्रस्तावनेत लिही आणि बदललेला मजकूर तिला वाचून दाखव. दवाखान्याचं नाव मात्र फाईल हातात असल्याशिवाय छापायचं नाही. कागद नसेल तर "तालुक्याच्या गावचा खासगी दवाखाना" एवढंच.

हिशेबाचे प्रश्न तुझे कच्चे आहेत. "तुम्हाला मजुरी किती मिळते?" असं विचारलंस, ती म्हणाली, "मला कुठली मजुरी." तू ते असहायपणाचं वाक्य म्हणून प्रकरणाच्या माथ्यावर टाकलंस. ती शब्दशः खरं सांगत होती गं. एक कोयता म्हणजे नवराबायको, उचल, म्हणजे हंगामाआधीची आगाऊ रक्कम, कोयत्यावर मिळते आणि मुकादमाच्या वहीत नाव नवऱ्याचं लागतं. एकट्या बाईला अर्धा कोयता धरतात. तेव्हा हंगामाच्या क्रमानं विचार: उचल किती घेतली, कुणाच्या हातात पडली, टनाला दर काय ठरला, वजनकाट्यावर आपलं माणूस होतं का, खाडे किती पडले आणि एका खाड्याला किती कापले, शेवटी बाकी फिटली की पुढच्या वर्षावर गेली. पाळीच्या दिवसांत खाडा पडतो का हे याच ओघात येतं, वेगळं खोदावं लागत नाही. आकडे तीन बायांकडून घे. जुळले नाहीत तर जुळवू नकोस, तिघींचेही छाप.

बोलताना आजूबाजूला कोण बसलं होतं हे प्रत्येक मुद्रणाच्या सुरुवातीला स्वतःच्या आवाजात सांगत जा. सासू असली की एक उत्तर येतं, मुकादमाचा माणूस असला की दुसरं. आणि हे मुकादमालाही कळतं. त्यानं आडनाव विचारलं ते तुझ्याशी ओळख वाढवायला नाही विचारलं. आपलं आडनाव ऐकल्यावर माणसाच्या चेहऱ्यावर काय होतं ते तुला ठाऊक आहे. आप्पांनी गावाचं आडनाव लावलं नाही, बाकीच्या भावांनी लावलं, त्यावरून घरात काय काय झालं तेही ठाऊक आहे. एवढं असून तू त्यांच्या झोपडीत, कोपीवर मुक्काम करतेस.

लिहायचं नव्हतं, लिहिलं गेलं. पुढे चला.

नावं. नुसतं नाव बदलून बाई लपत नाही. दहाबारा कोयत्यांच्या टोळीत "तीन मुली, थोरली पोलिओची, नवरा दोन वर्षांपूर्वी ट्रॅक्टरखाली गेला" एवढं वाचलं की अख्खी टोळी तिला ओळखते. गाव, कारखाना, मुलांची संख्या, आजारपणाचं वर्ष यांतल्या ज्या दोन गोष्टी एकत्र आल्या की माणूस कळतो, त्यातली एक ढोबळ कर आणि तसं केल्याचं पुस्तकात सांग. दोन बायांची एक बाई करू नकोस. वाचायला ते छान लागतं, पण मग त्या पुस्तकातल्या कुठल्याच आकड्यावर विश्वास राहत नाही. खरं नाव आणि बदललेलं नाव यांची यादी कागदावर, एकाच प्रतीत, माझ्या कपाटात ठेव. फोनमध्ये नको. मुद्रणांच्या तीन प्रती दोन वेगवेगळ्या घरांत, आणि त्या उघडून ऐकल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही. 48 किलोहर्ट्झ, 24 बिट, मोनोला तासाला पाचशे एमबीच्या वर जागा लागते, तेवढी सोय आधीच कर.

तिसऱ्या बाईवर जो अत्याचार झाला तो तू फोनवर सांगितलास. त्यात तिची ओळख पटेल असं काहीही छापणं भारतीय न्याय संहितेच्या कलम 72 खाली गुन्हा आहे. तिनं स्वतः लेखी परवानगी दिली तर गोष्ट वेगळी, पण ती परवानगी तू मागायची नाहीस. तिनं आपणहून विषय काढला तरच. मुकादमाचं नाव छापायचा हट्ट सोड असं मी म्हणत नाही. बदनामीच्या कलम 356 मध्ये नुसतं खरं असून भागत नाही, ते छापणं लोकहिताचं होतं हेही दाखवावं लागतं. त्यासाठी वहीच्या पानाचा फोटो, काट्याची पावती, उचलीची चिठ्ठी. नसेल तर त्याचं काम छाप, नाव राहू दे.

उलट काही जणींना नाव हवंच असतं. तिथे आपण शहाणपणा करून ते काढून घेऊ नये. आंबेडकरी चळवळीतल्या बायांच्या मुलाखती घेऊन उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी 1989 मध्ये "आम्हीही इतिहास घडवला" आणलं, त्यात नावं हाच तर मुद्दा होता. ती नावं इतिहासात फारशी कुठे नोंदलेली नव्हती. पण त्या बाया झालेल्या लढ्याबद्दल बोलत होत्या. तुझ्या बायांना येत्या दसऱ्याआधी त्याच मुकादमासमोर उचलीसाठी उभं राहायचंय. म्हणून पुस्तक पावसाळ्यात आणू नकोस. टोळ्या गावी परतल्या, हिशेब मिटला की लगेच आण, म्हणजे बोभाटा विरायला चार महिने मिळतील. प्रकाशक सोयीची तारीख सांगेल, ऐकू नकोस.

तू लहानपणी काकूंच्या गावाहून येताना एसटीत दिसेल त्याला नाव विचारायचीस आणि घरी आल्यावर ओळीनं सगळी म्हणून दाखवायचीस. आप्पा म्हणायचे, ही तलाठी होणार. त्या यादीत एकदा कंडक्टरच्या म्हशीचंही नाव होतं. त्या मुलीनं आता हे काम धरलंय याचा मला किती अभिमान आहे ते फोनवर सांगता येत नाही, फोनवर मी फक्त ओरडते. पण तेव्हा तुझं नाव उलट कुणी विचारलं तर मला हसू यायचं. आता येत नाही. संध्याकाळी सातनंतर फडावर थांबू नकोस, संघटनेच्या ताई बरोबर असतील तरच जा.

झालं पुन्हा भाषण. माफ कर.

संमतीपत्राचा नमुना पाहिला. अंगठा घेऊन भागणार नाही. मजकूर मोठ्यानं वाचून तिचा होकार ध्वनिमुद्रित कर. पुस्तक, भाषांतर, नाटक, चित्रपट यांचे वेगवेगळे रकाने हवेत. शेवटच्या प्रुफापर्यंत तिला माघार घेता येईल असं साध्या मराठीत लिही. प्रकाशकाच्या करारात मुदत आणि प्रदेश लिहून घे. कॉपीराइट कायद्याच्या कलम 19 नुसार मुदत लिहिली नसेल तर 5 वर्षं धरतात, प्रदेश नसेल तर भारतापुरतं. मुखपृष्ठावर तुझं नाव "शब्दांकन" म्हणून जाईल, लेखिका म्हणून नाही. रॉयल्टीचा वाटा बायांच्या नावे, तुझ्या खात्यातून फिरवायचा नाही.

तिसरं आणि चौथं कथन पाठवशील तेव्हा मुद्रणंही पाठव. दुसऱ्यात बाविसाव्या मिनिटाला ती "फिरती बाकी" म्हणते की "फिटली बाकी" ते मला नीट लागत नाही. तू तिथे होतीस, तुला आठवत असेल. नसेल तर तिलाच विचार, अंदाजानं लिहू नकोस.

तुझी,
आई