पर्यटनमंत्र्यांना खुले पत्र: जळगाव स्टेशनवरून तीन तासांची सहल सुरू करा

प्रति,
मा. पर्यटनमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

महोदय,
सप्रेम नमस्कार.

सप्टेंबर २०२४ मध्ये मुंबई बंदरातून ‘क्रूझ भारत मिशन’ सुरू झालं. २०२५ मध्ये बॅलार्ड पिअरवरच्या नव्या आंतरराष्ट्रीय क्रूझ टर्मिनलचं उद्‌घाटन झालं. तेव्हापासून क्रूझ पर्यटनाचा विषय निघाला की मुंबई आणि कोकण ही दोन नावं घेतली जातात. समुद्र तिकडे आहे, त्यामुळे त्यात गैर काही नाही. हे पत्र मात्र जळगावहून लिहितो आहे. इथे पाण्यावर तरंगणारं काही बघायचं तर मेहरूण तलावावर जावं लागतं.

मी काही वर्षं परदेशी क्रूझ जहाजांवर ‘शोअर एक्सकर्शन’च्या काउंटरवर नोकरी केली. जहाज बंदराला लागल्यावर प्रवाशांना चार-पाच तासांत शहर दाखवून परत आणायचं, हे त्या खात्याचं काम. त्यात जे शिकलो ते आपल्या खात्याच्या उपयोगाचं आहे असं वाटतं, आणि खान्देशासाठी त्यातून काहीतरी मागायचंही आहे. म्हणून हा पत्रप्रपंच.

आधी तो धंदा कसा चालतो ते सांगतो. जहाज बहुधा सकाळी लवकर धक्क्याला लागतं आणि संध्याकाळी सुटतं. सुटण्याच्या अर्धा-एक तास आधी सगळे प्रवासी आत हवेत. मधल्या वेळात दीड-दोन हजार माणसं शहर बघायला उतरतात. सहलींची तिकिटं आदल्या दिवसापर्यंत विकलेली असतात. सकाळी सगळ्यांना जहाजावरच्या नाट्यगृहात बसवून प्रत्येकाच्या छातीवर बस नंबरचा स्टिकर चिकटवतात. खाली धक्क्यावर तोच नंबर लिहिलेली पाटी उंच धरून स्थानिक गाइड उभा असतो. सात नंबरच्या माणसाने सात नंबरच्याच बसमध्ये चढायचं. गाइडने प्रत्येक थांब्यावर डोकी मोजायची. किती चालावं लागेल, पायऱ्या किती, स्वच्छतागृह कुठे, कुठे आत जायचं आणि कुठे नुसता खाली उतरून फोटो काढायचा, हे सगळं माहितीपत्रकात आधीच छापलेलं असतं. जहाजावर म्हातारी माणसं पुष्कळ असतात आणि त्यांना इतिहासाच्या आधी पायऱ्यांची काळजी असते. हे पत्रक खरं ठरावं म्हणून कुणीतरी अगोदर रिकामी बस घेऊन, घड्याळ लावून, ज्या वारी सहल जायची त्याच वारी तो रस्ता फिरून आलेलं असतं. सोमवारच्या ट्रॅफिकचा अंदाज रविवारी येत नाही.

मुंबईची सहल आपल्याला माहीतच आहे. गेटवे, सीएसएमटीची इमारत, मणिभवन, धोबीघाट. अर्ध्या दिवसात बस परत धक्क्यावर. घारापुरीला जायचं तर बोटीचा वेळ धरावा लागतो, आणि तिथली लेणी सोमवारी बंद.

आता मुद्द्याची गोष्ट. बंदराच्या फाटकाबाहेर टॅक्सीवाले उभे असतात. तीच ठिकाणं ते जहाजाच्या निम्म्या दरात दाखवतात, आणि त्यांच्यातले काही आमच्या गाइडपेक्षा जास्त रंगवून सांगतात. तरी बहुसंख्य लोक जहाजाचीच महाग सहल घेतात. का, तर जहाजाच्या सहलीची बस रस्त्यात अडकली तर जहाज तिच्यासाठी थांबतं, आणि थांबणं शक्यच नसेल तर त्या माणसांना पुढच्या बंदरात पोचवण्याचा खर्च कंपनी करते. टॅक्सीने गेलेल्यासाठी कुणी थांबत नाही. धक्क्यावरून पिशव्या सावरत धावत येणारी जोडपी आणि वर डेकवर रेलून त्यांना टाळ्या वाजवणारे सहप्रवासी, हा क्रूझवरचा ठरलेला तमाशा आहे. चारशे-पाचशे वर्षांची चर्च आणि किल्ले हे निमित्त झालं. माणूस पैसे मोजतो ते वेळेवर परत नेण्याच्या हमीचे.

ही हमी द्यायला समुद्र लागत नाही. थोडा वेळ हातात असलेला परका माणूस आणि त्याला चुकवून चालणार नाही असं वाहन, एवढंच लागतं. जळगाव स्टेशनवर हे दोन्ही रोज असतं.

अजिंठ्याची लेणी शेजारच्या जिल्ह्यात आहेत, पण त्यांना सोयीचं मोठं स्टेशन आमचं. जळगावहून लेणी साठेक किलोमीटर, छत्रपती संभाजीनगरहून शंभरच्या आसपास. मुंबईहून हावडा आणि दिल्लीकडे जाणारे लोहमार्ग इथूनच जातात. त्यामुळे देशाच्या कुठल्याही कोपऱ्यातून आणि जपान-कोरिया-थायलंडहून आलेला माणूस सकाळी जळगावला उतरतो, गाडी करून लेण्यांजवळच्या फर्दापूरला जातो, लेणी बघतो आणि दुपारी स्टेशनवर परतलेला असतो. त्याची पुढची गाडी रात्रीची असते. मधले तास तो बॅगेवर डोकं टेकून प्लॅटफॉर्मवर काढतो. या शहरात बघण्यासारखं काही असेल अशी शंकासुद्धा त्याला येत नाही, कारण तसं त्याला कुणी सांगितलेलंच नसतं.

आपल्याच पर्यटन विकास महामंडळाची ‘डेक्कन ओडिसी’ घ्या. २००४ पासूनची ही गाडी म्हणजे रुळांवरचं क्रूझ: रात्री प्रवास, दिवसा सहल, जेवण-झोप डब्यात. तिच्या महाराष्ट्र दर्शनाच्या फेरीत जळगावचा थांबा आहे, तोही अजिंठ्यासाठी. पाहुणे स्टेशनातून बसमध्ये आणि बसमधून परत स्टेशनात. राज्यात सर्वाधिक खर्च करणारा पर्यटक आमच्या दारावरून जातो, आणि तेवढ्या वेळात त्याला दिसतो तो जळगाव-संभाजीनगर रस्ता. या रस्त्याने चौपदरीकरणाच्या काळात लोकांचे काय हाल केले ते आम्हीच जाणतो.

आणि सोमवार! अजिंठा सोमवारी बंद असतो. हे ठाऊक नसलेले पाहुणे सोमवारी पहाटे हमखास उतरतात. रिक्षावाल्याने सांगितलं की त्यांचा चेहरा बघवत नाही. अशा माणसाकडे पूर्ण दिवस रिकामा असतो आणि मनात शहराबद्दल राग. क्रूझवर असा दिवस आला, म्हणजे वादळामुळे ठरलेलं बंदर टळलं, तर आम्ही रात्रीतून दुसऱ्या बंदराचं पत्रक छापत असू. जळगावला सोमवारचं पत्रक का नसावं?

तीन तासांत दाखवायचं काय, असं आपले अधिकारी विचारतील. खरी अडचण उलटी आहे. जळगावच्या माणसाला पाहुण्याला सगळंच दाखवायचं असतं. आग्रह हा आमचा स्वभाव, आणि तोच अशा सहलीचा शत्रू. जैन हिल्सवरचं गांधीतीर्थ, म्हणजे गांधीजींवरचं संग्रहालय, २०१२ मध्ये उघडलं. ते नीट पाहायलाच दोन-अडीच तास जातात. म्हणून त्याची सहल वेगळी करावी: गांधीतीर्थ, परतताना मेहरूणच्या काठावर चहा, आणि स्टेशन. दुसरं काही त्यात कोंबू नये.

शहरातली सहल वेगळी. जुन्या जळगावातल्या चौधरी वाड्यापासून सुरुवात करावी. असोद्याहून लग्न होऊन आलेल्या बहिणाबाई याच वाड्यात नांदल्या, वैधव्य आणि वाटण्या सोसल्या आणि अक्षरओळख नसताना जात्यावर, शेतात ओव्या रचत राहिल्या. आज तिथे त्यांचं स्मृतिस्थळ आहे. भाषा न कळणाऱ्या पाहुण्यालाही ही बाई दहा मिनिटांत कळते, मात्र सांगणारा मुलगा किंवा मुलगी त्या बोलीतली हवी. पुण्या-मुंबईहून आणलेला गाइड इथे उपयोगाचा नाही. तिथून सराफ बाजार. जळगावच्या सोन्यावर महाराष्ट्रभर लोक का विश्वास ठेवतात, हे एखाद्या जुन्या पेढीवर कसोटीचा दगड आणि आजचं शुद्धता तपासायचं यंत्र शेजारी शेजारी दाखवून सांगता येईल. शेवटी जेवण. जळगावच्या केळीला आणि भरिताच्या वांग्याला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. हिवाळ्यात ते मोठं हिरवं वांगं काट्याकुट्यांच्या जाळावर भाजून, लाकडी भांड्यात मिरची-लसणाबरोबर ठेचून, कांद्याची पात आणि शेंगदाणे घालून पुरीबरोबर वाढावं. पाहुण्याला ठेचायलाही बसवावं. तिखट बेताचं ठेवावं. खान्देशी स्वयंपाक्याला हे समजावणं हाच बहुधा या योजनेतला सर्वांत अवघड टप्पा ठरेल.

सोमवारसाठी शेत. रावेर-सावदा पट्ट्यातली केळीची बाग, ठिबकच्या नळ्या, घड उतरवणारे मजूर, ट्रक भरण्याची लगबग. सकाळी जाऊन दुपारपर्यंत परत येता येतं. केळीच्या बागेला सुट्टी नसते. मात्र एप्रिल-मेमध्ये पारा पंचेचाळिशीला टेकतो, तेव्हा दुपारची सहल विकणं गुन्हा ठरेल. उन्हाळ्यात पहाटेची फेरी ठेवावी, नाहीतर बंद ठेवावी.

खान्देशात अशा जागा आणखीही आहेत. चाळीसगावला स्टेशनजवळच्या बंगल्यात छायाचित्रकार केकी मूस यांनी स्वतःला जवळजवळ आयुष्यभर कोंडून घेतलं होतं. मुंबईहून येणाऱ्या गाडीची ते रोज वाट बघत, अशी कथा गावात सांगतात. दोन गाड्यांच्या मधल्या वेळेसाठी यापेक्षा चांगली गोष्ट मला तरी माहीत नाही. धुळ्याला मुंबई-आग्रा महामार्गावरून जाणारी कुटुंबं जेवायला थांबतात. त्यांना इतिहासाचार्य राजवाडे संशोधन मंडळ आणि समर्थ वाग्देवता मंदिरातली हस्तलिखितं दीड तासात दाखवता येतील. अमळनेरला १९१६ पासूनचं तत्त्वज्ञान मंदिर, म्हणजे तत्त्वज्ञानाच्या अभ्यासाची संस्था, आहे, आणि साने गुरुजींनी शिकवलेली शाळा आहे. पण ही दुसऱ्या टप्प्याची कामं. आधी एक स्टेशन नीट चालू द्या.

मुंबईत उतरलेल्या क्रूझ प्रवाशाला जळगावला आणा, असं मी मागत नाही. सकाळी बॅलार्ड पिअरला उतरलेला माणूस सव्वाचारशे किलोमीटर येऊन संध्याकाळी परत जहाजावर जाऊ शकत नाही. जे जहाज मुंबईत रात्र काढतं, किंवा ज्याचे प्रवासी मुंबईला उतरून दोन-तीन दिवसांनी गोव्याला किंवा कोचीला पुन्हा चढतात, त्यांच्यासाठी अजिंठ्याची मुक्कामी सहल शक्य आहे. आग्र्याला अशा सहली जातातच. मात्र जळगावला आजच्या पाहुण्याची सोय नसताना ती सहल विकायला काढली तर पहिल्याच फेरीत नाव जाईल, आणि क्रूझ कंपन्या एकदा गेलेलं नाव पुन्हा यादीत घेत नाहीत.

म्हणून मागणी मोजकी आहे. शेकडो कोटींचा आराखडा, पुतळे आणि लेझर शो नकोत. पर्यटन विकास महामंडळाने जळगाव स्टेशनबाहेर एक काउंटर उघडावं आणि ठरलेल्या वेळी एक मिनीबस सोडावी. दहा माणसं असोत की दोन, ती निघालीच पाहिजे. सहलीचं तिकीट रेल्वेच्या तिकिटाशी जोडावं. बसमुळे पाहुण्याची गाडी चुकली, तर पुढच्या गाडीची जागा आणि तोवरच्या मुक्कामाचा खर्च महामंडळाने उचलावा, आणि हे वाक्य तिकिटावर ठळक छापावं. असा दावा क्वचितच भरावा लागेल, कारण ती जबाबदारी अंगावर असली की बस आपोआप वेळेत परत येते. बॅगा ठेवण्याची खात्रीची जागा आणि स्वच्छ शौचालय या दोन गोष्टींत रेल्वेचा भुसावळ विभाग सोबत लागेल. जेमतेम इंग्रजी पण पक्की लेवा गणबोली किंवा अहिराणी बोलणारी वीस-पंचवीस मुलं-मुली निवडून त्यांना तीन महिने शिकवावं. त्यांतल्या काहींना पुढे अजिंठ्यावरही काम मिळेल.

एका गोष्टीबद्दल मात्र आधीच सावध करतो. जगभर या धंद्याला कमिशनच्या दुकानाची कीड आहे. चार तासांतला एक तास कुठल्यातरी एम्पोरियममध्ये जातो, तिथे गाइड आणि ड्रायव्हर चहा पितात आणि पर्यटक गालिचे बघतात. पहिल्या वर्षी सगळे खूश असतात. मग प्रवासी घरी जाऊन लिहितात आणि पुढच्या वर्षी बस अर्धी रिकामी जाते. जळगावात सोन्याची दुकानं असताना हा मोह किती मोठा असेल हे सांगायला नको. करारात पहिलं कलम हेच घालावं: सराफ बाजारात पाहणं आहे, खरेदीचा थांबा नाही. ज्याला घ्यायचं असेल तो मागाहून आपल्या पायांनी जाईल, आणि आमचे सराफ त्याला ओळखतीलच.

पत्राची प्रत भुसावळच्या विभागीय रेल्वे व्यवस्थापकांना आणि जळगावच्या जिल्हाधिकाऱ्यांना पाठवत आहे. चाचणी फेरी घ्यायची ठरली तर ती रविवारी, अधिकाऱ्यांच्या गाड्यांतून न घेता सोमवारी सकाळी, भर बाजाराच्या वेळी, भाड्याच्या मिनीबसमधून घ्यावी. त्या बसमध्ये बसून वेळ लिहून घ्यायला मी विनामोबदला येईन.

आपला,
जळगावचा एक नागरिक