हुंडा छळाची शिक्षा अपिलात कमी होते तेव्हा मुलीच्या माहेरच्यांना कोण विचारतं?

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

हुंड्यासाठी बायकोचा छळ केला हे कोर्टात सिद्ध होतं, वरच्या कोर्टातही दोष कायम राहतो आणि तरी शिक्षा 'आतापर्यंत जेवढी जेल भोगली तेवढीच' इथपर्यंत खाली येते, हे मला अजिबात पटत नाही. अशा छळाचं भारतीय दंड संहितेतलं ४९८अ कलम १९८३ ला आलं, त्यात जास्तीत जास्त तीन वर्षं आणि दंड आहे, कमीत कमी किती ते लिहिलेलंच नाही, दंड संहितेच्या जागी आलेल्या नवीन भारतीय न्याय संहितेत त्याचं कलम ८५ झालं तरी शिक्षा तेवढीच. मग अपील वर्षानुवर्षं पडून राहतं, आरोपी जामिनावर बाहेर, आणि शेवटी सुनावणी लागली की वकील म्हणणार आता खूप काळ गेला, वय झालं, दुसरा संसार आहे, लेकरं आहेत. अहो पण तारखा लांबल्या त्यात त्या मुलीचा काय दोष? तिचीही ती वर्षं गेलीच ना.

हुंडाबळीत तरी, म्हणजे जुनं ३०४ब, किमान सात वर्षांच्या खाली जाता येत नाही. छळाला तसा काही आधारच नाहीये.

आणि खरी अडचण पुढे आहे जी बऱ्याच लोकांना माहीतच नसते. २००९ पासून पीडिताला अपिलाचा हक्क मिळाला, आरोपी सुटला किंवा हलक्या कलमाखाली दोषी ठरला किंवा भरपाई कमी मिळाली तर अपील करता येतं, पण शिक्षा कमी दिली म्हणून नाही करता येत, ते फक्त सरकारने करायचं, सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये हेच सांगितलंय. खटले-अपील कसे चालवायचे ते ठरवणारी नवीन नागरिक सुरक्षा संहिता १ जुलै २०२४ ला लागू झाली, तेव्हा हे बदलायची चांगली संधी होती, ती घालवली. म्हणजे सरकारी वकिलांनी फाईल पुढे नेली नाही तर आईबापांनी हायकोर्टात रिव्हिजनसाठी, म्हणजे खालच्या कोर्टाचा निकाल तपासून बघा असा अर्ज घेऊन, धावायचं, आणि हायकोर्टानेच शिक्षा कमी केली तर थेट दिल्लीला सुप्रीम कोर्टात, वकिलाची फी कुठून आणणार ती माणसं?

खोट्या केसेस होतात, मान्य. २०१४ ला सुप्रीम कोर्टाने अशा गुन्ह्यात सरसकट अटक करू नका म्हणून पोलिसांना बजावलं ते योग्यच झालं, निर्दोष माणूस एक दिवसही आत जाऊ नये. पण मी दोष सिद्ध झालेल्यांबद्दल बोलतोय, तिथे 'फार वर्षं झाली' हे शिक्षा कमी करायचं कारण होऊच कसं शकतं?

माझी कळकळीची मागणी एवढीच की कमी शिक्षेविरुद्ध अपिलाचा हक्क पीडित मुलीला आणि ती हयात नसेल तर तिच्या आईवडिलांना मिळावा, आणि शिक्षा कमी करण्याआधी कोर्टाने त्यांना नोटीस काढून त्यांचं म्हणणं ऐकावं. आपल्या खासदारांनी हे संसदेत मांडावं. आणि साहेब तुम्हालाही विनंती, शिक्षा झाल्याची बातमी जेवढ्या ठळक छापता तेवढ्याच ठळक ती कमी झाल्याचीही छापा, कारणासकट.

आपला नम्र,
एक वाचक